भिंतीत वायर आहे, मग भाडं कशाचं घेता?

डोकं फिरलंय माझं! इथे न्यू जर्सीत आमच्या घरात जवळजवळ प्रत्येक खोलीत भिंतीवर कोॲक्सचा, म्हणजे केबल टीव्हीच्या वायरीचा, पॉइंट आहे. जुन्या मालकाने केबल टीव्हीसाठी घातलेली चांगली आरजी-६ जातीची वायर. केबल कधीच बंद केली, त्यामुळे सगळी वायर रिकामी पडून आहे. आणि फायबर बसवायला आलेला माणूस ओएनटी, म्हणजे फायबर जिथे येऊन जोडली जाते तो डबा, तळघरात ठोकतो, राउटर त्याच्याच शेजारी ठेवतो आणि वरच्या खोल्यांत रेंज नाही म्हटल्यावर सांगतो, "वाय-फाय एक्स्टेंडर घ्या, भाडं दर महिन्याला बिलात लागेल."

अरे, गिगाबिटचे पैसे घेता ना? मग ते गिगाबिट तळघरातल्या वॉशिंग मशीनला देऊ का? मुलीचा ऑनलाइन क्लास दर थोड्या वेळाने अडकतो, बायकोच्या मीटिंगमध्ये आवाज तुटतो, आणि कस्टमर केअरवाले एकच पाठ केलेलं वाक्य ऐकवतात: राउटर रीस्टार्ट करा.

मोका नावाची गोष्ट जगात आहे, कोॲक्स वायरीतूनच इंटरनेट खोल्यांत नेणारं तंत्र. मोका २.५ चे दोन अडॅप्टर, एक राउटरजवळ, एक वरच्या खोलीत, मधे हीच कोॲक्स. कागदावर २.५ गिगाबिटपर्यंत जातं, एका जाळ्यात १६ अडॅप्टर चालतात. भिंत फोडायची नाही, नवी वायर ओढायची नाही. ज्यांच्याकडे डिश आहे त्यांची अडचण खरी आहे, डिशचा सिग्नल मोकाच्याच फ्रिक्वेन्सी पट्ट्यात येतो. पण आमच्याकडे डिश नाही, केबल नाही, फक्त फायबर आहे! तरी एकाही माणसाच्या तोंडून 'मोका' हा शब्द निघाला नाही. भाडं बुडेल ना!

बरं, स्वतः लावायला गेलं तर तळघरात तो गंजका स्प्लिटर, केबलचा सिग्नल खोल्याखोल्यांत वाटणारा. त्यावर स्पष्ट छापलंय, ५ ते १००० मेगाहर्ट्झ. मोका चालतो ११२५ ते १६७५ वर! म्हणजे अडॅप्टर जोडूनही लिंक धड लागत नाही आणि लोकांना वाटतं अडॅप्टरच खराब. त्यांनी तो परत करावा आणि निमूट एक्स्टेंडर घ्यावा, असंच चाललंय सगळीकडे. स्प्लिटर काढून दोन्ही वायरी एका साध्या जोडणीने सरळ जोडायच्या, बाहेर जाणारी जुनी वायर सोडवून टाकायची. घरात येऊन गेलेल्या तंत्रज्ञाला पाच मिनिटांचं काम होतं हे. "कोॲक्सला आम्ही हात लावत नाही," म्हणाला!

तुमचा एक्स्टेंडर खोक्यात भरून ठेवलाय. घेऊन जा, आणि या महिन्याचं भाडं बिलातून काढा.