आफ्रिकन साहित्य १९५८ साली सुरू झाले नाही

इंग्रजी साहित्याच्या गाईडांत, परीक्षेच्या नोट्समध्ये आणि विद्यार्थ्यांच्या गटांतून पुढे पाठवल्या जाणाऱ्या मजकुरांत आफ्रिकेविषयीचा एक दावा ठाण मांडून बसला आहे. त्याचा गोषवारा असा. आफ्रिकेत लिहिण्याची परंपरा नव्हती, होत्या त्या तोंडी गोष्टी. १९५८ साली नायजेरियाचे लेखक चिनुआ अचेबे यांची ‘थिंग्ज फॉल अपार्ट’ ही इंग्रजी कादंबरी आली आणि आफ्रिकन साहित्य जन्माला आले. ते इंग्रजीत आहे, कारण भाषा इंग्रजांनी दिली. त्याचा विषय एकच, वसाहतवाद. म्हणून वर्गात ही एक कादंबरी नीट शिकवली की काम झाले, आणि त्याहून जास्त मागणारे लोक शेक्सपिअरला बाहेर काढायला निघालेले असतात.

मी महाविद्यालयात इंग्रजी शिकवते. ‘थिंग्ज फॉल अपार्ट’ मला मनापासून आवडते आणि ती अभ्यासक्रमातून काढावी असे मी कधीच म्हणणार नाही. पण वरचा दावा विद्यार्थी पाठ करतात, उत्तरपत्रिकेत लिहितात, त्यावर गुण मिळवतात आणि पुढे शिक्षक होऊन तोच शिकवतात. म्हणून त्यातले एकेक विधान तपासायला हवे.

“लिहिण्याची परंपरा नव्हती”

इजिप्त आफ्रिकेतच आहे आणि सिनुहे नावाच्या दरबाऱ्याची तिथली कथा सुमारे चार हजार वर्षांची आहे. इजिप्तची गोष्ट वेगळी, असे कोणी म्हणेल. ठीक आहे, इजिप्त बाजूला ठेवू. इथिओपियात गीझ या तिथल्या प्राचीन भाषेतला ‘केब्रा नगस्त’ हा ग्रंथ चौदाव्या शतकातला आहे. पश्चिम आफ्रिकेतल्या टिंबक्टू शहराचे विद्वान अहमद बाबा (१५५६–१६२७) यांना मोरोक्कोच्या फौजेने कैद करून माराकेशला नेले, तेव्हा त्यांची तक्रार होती की माझी सोळाशे पुस्तके लुटली गेली, आणि आमच्या घराण्यात सर्वांत लहान संग्रह माझाच होता. पूर्व किनाऱ्यावर स्वाहिलीतले ‘उतेंडी वा तांबुका’ हे दीर्घकाव्य अरबी लिपीत लिहिलेले असून ते १७२८ सालचे मानले जाते. म्हणजे अचेबेंच्या आधी दोनशे तीस वर्षे.

या सगळ्यांत मला सर्वांत मोलाची वाटते ती नाना अस्माउ (१७९३–१८६४). आजच्या उत्तर नायजेरियातल्या सोकोटो राज्याचे संस्थापक उस्मान दान फोदिओ यांची ही मुलगी. तिने फुलफुल्दे, हौसा आणि अरबी अशा तीन भाषांत कविता लिहिल्या. आणि लिहून ती थांबली नाही. गावोगावच्या बायकांना शिकवण्यासाठी तिने स्त्री-शिक्षिकांचे जाळे उभे केले. या शिक्षिका तिच्याकडे येऊन कविता पाठ करायच्या, अर्थ समजून घ्यायच्या आणि आपापल्या गावी परतून घरात अडकलेल्या बायकांना त्याच कवितांतून धर्म, इतिहास आणि वागणूक शिकवायच्या. आफ्रिकेत साहित्य कसे शिकवले जात होते याचा इतका स्पष्ट पुरावा एकोणिसाव्या शतकातला आहे, लिखित आहे, आणि तो एका स्त्रीने स्वतःच्या भाषेत उभा केलेला आहे. आमच्या पेपरात तिचे नाव येत नाही.

आता खुद्द कादंबरीकडे येऊ. लेसोथोतल्या थॉमस मोफोलो यांची सेसोथो भाषेतली पहिली कादंबरी १९०७ साली पुस्तकरूपात आली. पुढे झुलू राजा शाकावर लिहायचे म्हणून त्यांनी दक्षिण आफ्रिकेतल्या नाताळ प्रांतात सायकलवरून फिरून माहिती गोळा केली. शाकावरची ही कादंबरी, ‘चाका’, १९१० च्या सुमारास लिहून तयार होती, पण लेसोथोतल्याच मोरिया इथल्या मिशनच्या छापखान्याने ती १९२५ साली छापली. मधली पंधरा वर्षे हस्तलिखित पडून होते, कारण त्यातला मांत्रिक, त्यातली जुन्या श्रद्धांची ताकद पाद्र्यांच्या पचनी पडत नव्हती. कादंबरीत इसानुसी नावाचा एक मांत्रिक शाकाला सत्तेची किंमत सांगतो आणि शाका ती एकेक करत मोजत जातो, शेवटी प्रेयसीचा जीव देऊनसुद्धा. सत्तेच्या हव्यासावर लिहिलेले इतके थंड, इतके भेदक पान मी फार कमी ठिकाणी वाचले आहे. सेनेगलचे कवी सेंघोर यांनी पुढे याच शाकावर फ्रेंचमध्ये नाट्यकाव्य लिहिले.

छापखाना मिशनचा होता, म्हणजे साहित्य गोऱ्यांनी दिले, असा एक पोटदावा इथे ऐकू येतो. मराठीतली ‘यमुनापर्यटन’ १८५७ सालची. तिचे लेखक बाबा पदमनजी ख्रिस्ती झालेले होते आणि मिशनच्या वर्तुळात वावरत होते. म्हणून मराठी कादंबरी पाद्र्यांची, असे आपण म्हणतो का? छापखाना कोणाचा यावरून कथा कोणाची हे ठरत असते, तर मोफोलोंना पंधरा वर्षे थांबावे लागले नसते.

“होत्या त्या तोंडी गोष्टी”

या वाक्यात ‘तोंडी’ हा शब्द ‘कच्चे’ या अर्थाने वापरलेला असतो. सोमाली कवितेकडे पाहिले तर तो अर्थ टिकत नाही. सोमाली भाषेला अधिकृत लिपी मिळाली १९७२ साली. त्याआधी तिथे काव्याची कडक शिस्त होती. अभिजात ‘गबाय’ प्रकारात कवीने निवडलेला अनुप्रासाचा एकच ध्वनी कवितेच्या सुरुवातीपासून शेवटपर्यंत, प्रत्येक ओळीत सांभाळायचा. कविता शंभर ओळींची असली तरी सुटका नाही. ती पाठ करून दुसरीकडे म्हणणाऱ्याने मूळ कवीचे नाव सांगायचे आणि शब्द बदलायचे नाहीत. म्हणजे कर्ता माहीत, संहिता ठरलेली, नियम ठरलेले. साहित्याकडून आणखी काय हवे असते?

आणि या कवितेत केवढे बळ होते! सय्यद मोहम्मद अब्दुल्ला हसन यांनी ब्रिटिशांविरुद्ध वीस वर्षे लढा दिला, आणि तो शस्त्रांइतकाच कवितेनेही दिला. १९१३ च्या ऑगस्टमध्ये रिचर्ड कॉरफिल्ड हा ब्रिटिश अधिकारी लढाईत मारला गेला. त्यावर सय्यदांनी रचलेल्या कवितेत ते मेलेल्या कॉरफिल्डलाच सांगतात की नरकाच्या वाटेवर भेटणाऱ्यांना तू आपल्या मरणाची हकीकत कशी सांगायची. ही कविता कागदाशिवाय वाळवंटभर पसरली.

ज्ञानेश्वरी आधी सांगितली गेली आणि सच्चिदानंदबाबांनी ती लिहून घेतली, हे ज्यांना शाळेपासून माहीत आहे त्या मराठी वाचकांना तर उच्चारलेल्या शब्दाची थोरवी पटवून द्यायची गरज पडू नये.

“आफ्रिकन साहित्याची भाषा इंग्रजी”

हा समज कसा रुजला याचा इतिहास उपलब्ध आहे. जून १९६२ मध्ये युगांडातल्या कंपालाच्या मकेरेरे विद्यापीठात आफ्रिकन लेखकांची मोठी परिषद भरली. तिच्या नावातच इंग्रजीत लिहिणारे लेखक अशी अट होती. त्या अटीमुळे स्वाहिलीचे सर्वांत मोठे कवी शाबान रॉबर्ट आणि १९३८ पासून योरुबा या नायजेरियातल्या भाषेत कादंबऱ्या लिहिणारे फागुन्वा हे दोघेही बाहेर राहिले. इंग्रजीत दोन-चार कथा लिहिलेले विद्यार्थी मात्र आत होते. पुढच्याच वर्षी नायजेरियाच्या ओबी वाली यांनी ‘ट्रान्झिशन’ नियतकालिकात या परिषदेवर घणाघाती लेख लिहिला. आफ्रिकन साहित्य युरोपीय भाषांत अडकले तर ती वाट बंद गल्लीत संपेल, हा त्यांचा मुद्दा. (हे ‘ट्रान्झिशन’ कंपालात सुरू करणारे संपादक रजत नियोगी मूळचे भारतीय वंशाचे.) त्याच १९६२ मध्ये लंडनच्या हाइनमन प्रकाशनाने आफ्रिकन लेखकांची प्रसिद्ध मालिका सुरू केली आणि जगभरच्या वर्गांत हीच पुस्तके पोचली. मालिकेने मोठे काम केले, यात शंका नाही. पण तिच्या यादीलाच खंडाचे साहित्य समजणे ही आपली चूक.

अचेबेंनी इंग्रजीची बाजू विचारपूर्वक मांडली होती. इतक्या भाषांच्या देशात एकमेकांशी बोलायला ती लागते, आणि तिला आफ्रिकन अनुभव पेलेल असे वाकवता येते. हा युक्तिवाद मी वर्गात पूर्ण मांडते. त्यासोबत केनियातली एक हकीकत सांगते. १९७७ च्या जुलैत तिथले लेखक न्गूगी वा थिओंगो यांची ‘पेटल्स ऑफ ब्लड’ ही राज्यकर्त्यांना सोलून काढणारी इंग्रजी कादंबरी आली. तिचे प्रकाशन तेव्हाचे अर्थमंत्री म्वाई किबाकी यांनी केले. काही महिन्यांनी लिमुरूजवळच्या कामिरिथू गावात शेतकरी आणि मजूर यांनी स्वतः बांधलेल्या उघड्या रंगमंचावर न्गूगींचे गिकुयू या तिथल्या लोकांच्या भाषेतले नाटक उभे राहिले, ‘न्गूगी वा मिरी’ नावाच्या दुसऱ्या लेखकासोबत लिहिलेले. प्रेक्षक पायी चालत येऊ लागले. नोव्हेंबरात परवाना रद्द झाला, ३१ डिसेंबरला न्गूगींना अटक झाली आणि खटल्याशिवाय वर्षभर डांबून ठेवले गेले. इंग्रजीतली टीका सरकारने पचवली होती. तीच टीका गावकऱ्यांच्या भाषेत आली तेव्हा तुरुंग उघडला. कोठडीत, शौचालयाच्या कागदावर, न्गूगींनी गिकुयूतली पुढची कादंबरी लिहिली. १९८० साली ती छापून आली तेव्हा ती घराघरांत आणि दारूच्या गुत्त्यांवरसुद्धा मोठ्याने वाचली जात होती. न्गूगी २०२५ च्या मे महिन्यात गेले. त्यांच्यावर आलेल्या कित्येक मराठी टिपणांत त्यांची ओळख ‘इंग्रजी लेखक’ अशी वाचली आणि वाईट वाटले.

“विषय एकच, वसाहतवाद”

याला फार वेळ देण्याची गरज नाही. सेनेगलच्या मारियामा बा यांच्या १९७९ च्या पत्ररूप कादंबरीत एक विधवा मैत्रिणीला लिहिते आहे, नवऱ्याने मुलीच्या वयाच्या पोरीशी केलेल्या दुसऱ्या लग्नाविषयी. फागुन्वांचा शिकारी भुताखेतांच्या अरण्यात फिरतो. इजिप्तचे कादंबरीकार नगीब महफूज यांच्या कैरोमध्ये बाप घरात हुकूमशहा असतो आणि रात्री मैफलीत रंगतो. दावा करणाऱ्याने यांतले एक तरी वाचावे.

“एक कादंबरी पुरे, नाहीतर शेक्सपिअर जाईल”

‘थिंग्ज फॉल अपार्ट’च्या शेवटी ब्रिटिश जिल्हाधिकारी नायक ओकोंक्वोच्या प्रेताजवळून निघताना ठरवतो की आपल्या नियोजित पुस्तकात या माणसावर एखादा परिच्छेद पुरेल. ही कादंबरी शिकवून झाल्यावर खंडाला एवढेच पुरे म्हणणारा शिक्षक त्या पानावरून नेमके काय वाचतो, मला खरोखर समजत नाही.

शेक्सपिअरला हाकलण्याचा आरोप ज्या घटनेवरून होतो ती २४ ऑक्टोबर १९६८ ची. नैरोबी विद्यापीठात न्गूगी, हेन्री ओवुओर-अन्युंबा आणि ताबान लो लियोंग या तिघांनी इंग्रजी विभाग बंद करण्याची मागणी करणारे टिपण दिले. मथळा जहाल होता, त्यामुळे तोच लक्षात राहिला. आतली मागणी वेगळी होती. इंग्लंडच्या जागी आफ्रिका मध्यभागी ठेवा आणि तिथून जगाकडे पाहा. अभ्यासात मौखिक परंपरा, स्वाहिली साहित्य, आधुनिक आफ्रिकन आणि कॅरिबियन साहित्य, आणि निवडक युरोपीय साहित्यही. युरोपला जागा होतीच, फक्त यजमानाची नव्हती. मोठ्या वादानंतर विभागाचे नाव साहित्य विभाग झाले, आणि १९७४ साली केनियाच्या शाळांत साहित्य कसे शिकवावे यावर शिक्षकांची परिषदही भरली. आज केनियातल्या शालान्त परीक्षेत स्वाहिली साहित्याचा स्वतंत्र पेपर असतो आणि त्यात मौखिक साहित्यावरही प्रश्न येतात.

शेक्सपिअरचे म्हणाल तर त्याला आफ्रिकेत ज्यांनी घरी नेले ते आफ्रिकन लेखकच. दक्षिण आफ्रिकेच्या सोल प्लाटजे यांनी त्याची नाटके सेत्स्वाना या आपल्या भाषेत आणली. टांझानियाचे अध्यक्ष ज्युलियस न्येरेरे यांनी ‘ज्युलियस सीझर’ आणि ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’ स्वाहिलीत उतरवली. देशाचा कारभार चालवत असताना.

“आपल्याकडे पुस्तके मिळत नाहीत”

महाराष्ट्रातल्या महाविद्यालयांत हा शेवटचा आणि सर्वांत प्रामाणिक आक्षेप असतो. मराठीतून फार थोडे उपलब्ध आहे, हे खरे. पण आपण ज्या इंग्रजीतून शिकवतो तिच्यात फागुन्वा नायजेरियाचे नाटककार वोले सोयिंका यांच्या अनुवादात १९६८ पासून आहेत, ‘चाका’ डॅनियल कुनेने यांच्या अनुवादात १९८१ पासून, आणि न्गूगींची तुरुंगातली कादंबरी त्यांनी स्वतःच इंग्रजीत केलेली. युगांडाच्या ओकोट प्बिटेक यांचे ‘साँग ऑफ लाविनो’ मूळ अचोली या तिथल्या भाषेतले, ते तर पदवीच्या पहिल्या वर्षालाही झेपेल.

अचेबेंना पाच आठवडे द्यावेत, तीन ‘चाका’ला, एक आठवडा सोमाली कवितेला, तीही आधी कानांनी ऐकून. आणि प्रश्नपत्रिकेत प्रत्येक पुस्तकासमोर लेखकाच्या नावाबरोबर मूळ भाषेचे नाव छापावे. अभ्यास मंडळाच्या एका बैठकीत होण्याजोगे हे काम आहे आणि त्याला वेगळा निधीही लागत नाही.