अल्काट्राझ: नाव पक्ष्यांचे, प्रसिद्धी कैद्यांची

सॅन फ्रान्सिस्कोच्या उपसागरातील अल्काट्राझचा विषय निघाला, की गप्पा तिथे कैदेत असलेल्या अल कपोन या कुख्यात गुंडापासून सुरू होतात आणि तिथेच संपतात. वास्तविक जेमतेम २२ एकरांच्या या खडकाला १७७५ मधील स्पॅनिश मोहिमेतून मिळालेले नाव समुद्रपक्ष्यांचे आहे आणि केंद्र सरकारचा तो गाजलेला तुरुंग तेथे १९३४ ते १९६३ अशी अवघी २९ वर्षे होता.

त्याआधीचा लष्करी तुरुंग मला अधिक महत्त्वाचा वाटतो. मुलांना सरकारी निवासी शाळांत पाठवण्यास नकार दिला म्हणून १८९५ मध्ये होपी या मूळ अमेरिकी जमातीच्या १९ पुरुषांना येथे डांबले होते. आणि याच खडकावर नोव्हेंबर १९६९ पासून १९ महिने मूळ अमेरिकी आंदोलकांनी ठाण मांडले. या दोन घटना शेजारी ठेवून पाहिल्या, तर कपोन फारच किरकोळ वाटू लागतो. (‘अल्काट्राझचा पक्षीवाला’ म्हणून प्रसिद्ध झालेल्या रॉबर्ट स्ट्राउडने पक्षी पाळले ते कॅन्ससमधील लेव्हनवर्थच्या तुरुंगात, अल्काट्राझवर त्याच्याकडे एकही पक्षी नव्हता!)

आज मात्र बेटावर खरा ताबा पक्ष्यांचा आहे. विणीच्या हंगामात काही वाटा बंद ठेवल्या जातात आणि ‘एवढे पैसे मोजून आलो, तर अर्धे बेट बंद!’ अशी तक्रार पर्यटक करतात. मला ही बंदी सर्वस्वी योग्य वाटते, कारण तिच्यामागचा हिशेब साधा आहे. माणूस जवळ आला, की कुरव (सीगल) घरटे सोडण्याऐवजी त्याच्याच डोक्यावर झेपावतो. पाणकावळा मात्र बिचकून उडतो आणि त्याची उघडी पडलेली अंडी किंवा पिल्ले तोच कुरव क्षणार्धात पळवतो. म्हणजे छायाचित्रासाठी पुढे टाकलेल्या चार पावलांची किंमत आपल्याला दिसतही नाही.

अर्थात ही निसर्गाची अस्पर्श जागा मुळीच नव्हे. किल्ल्यासाठी लष्कराने कडे फोडले, उजाड खडकावर बाहेरून माती आणून टाकली आणि तिच्यात पुढे अधिकाऱ्यांच्या कुटुंबांनी व कैद्यांनी बागा फुलवल्या. तुरुंग बंद झाल्यावर त्या बागा मोकाट वाढल्या, तेव्हा रातबगळ्यांनी त्यांच्या गर्द झुडपांत घरटी केली. आणि कर्मचाऱ्यांची घरे पाडून जिथे राडारोडा उरला, त्या जुन्या कवायतीच्या मैदानावर आता कुरव अंडी घालतात.