'पांढऱ्या वाटा' आणि 1974: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. अल्बानियाचा दिग्दर्शक विक्तोर ग्यिका याच्या 'पांढऱ्या वाटा' या चित्रपटातल्या चौकटींचं माझ्या लेखात कौतुक करताना मी तिथला कम्युनिस्ट हुकूमशहा एन्वेर होजा याच्या राजवटीला रंगसफेदी करतोय, असं तुम्ही म्हणता. किनोस्टुडिओ या तिथल्या चित्रपट-स्टुडिओत बनला तो निव्वळ प्रचार, आणि प्रचार देखणा करणारा त्या पापाचा वाटेकरी.

प्रचार होताच. 1952 साली राजधानी तिरानात उभा राहिलेला तो स्टुडिओ सरकारी होता. कम्युनिस्ट पक्षाला न रुचणारी कथा तिथे पडद्यावर येणं शक्यच नव्हतं. आणि एक गोष्ट माझ्या लेखात राहिली, ती राहायला नको होती. 1973 मध्ये होजाने कलाक्षेत्रातल्या 'उदारमतवाद्यां'वर मोहीम उघडली. रेडिओ-टीव्हीचे प्रमुख तोदी लुबोन्या त्यात तुरुंगात गेले. पुढच्या वर्षी त्यांचा मुलगा फातोस डायरीतल्या मजकुरापायी पकडला गेला. तो 1991 मध्ये सुटला. मी ज्या 'पांढऱ्या वाटा'बद्दल भरभरून लिहिलं, तो सिनेमा त्याच 1974 चा. तुमचा राग मला समजतो.

पण ग्यिकाला पापाचा वाटेकरी म्हणून झटकून टाकायला माझं मन तयार नाही.

ग्यिका मॉस्कोत छायालेखन शिकला, त्याचा सहकारी दिमितर अनाग्नोस्तीही तिथेच शिकला. 1961 मध्ये होजाचं सोव्हिएत रशियाशी बिनसलं आणि ते दार बंद झालं. 1966 मध्ये दोघांनी मिळून एक चित्रपट दिग्दर्शित केला आणि पुढे दोघेही दिग्दर्शक म्हणूनच ओळखले गेले. नजर मात्र कॅमेरामनची राहिली, असं माझं मत आहे.

'पांढऱ्या वाटा'चा नायक टेलिफोनच्या तारा सांभाळणारा लाइनमन. नववर्षाच्या तोंडावर बर्फात तार तुटते, लोकांचं एकमेकांशी बोलणं व्हावं म्हणून तो निघतो आणि गारठून मरतो. कागदावर ही आदर्श कामगाराची गोष्ट, पक्षाला हवी तशी. पडद्यावर मला दिसतो तो एकटा माणूस. कृष्णधवल फिल्मवर बर्फ टिपणं किती अवघड, हे ज्याने प्रयत्न केलाय त्याला विचारा. लाइटमीटरचं, म्हणजे प्रकाश मोजणाऱ्या यंत्राचं, ऐकलं तर बर्फ करडा येतो आणि चेहरा काळाठिक्कर. ॲपर्चर, म्हणजे भिंगातलं प्रकाश आत सोडणारं छिद्र, जास्त उघडलं तर बर्फाचा कोरा कागद होतो, उंचसखल काही उरत नाही. या दोन्हींच्या मधली चिंचोळी जागा सापडल्याशिवाय त्या माणसाचं एकटेपण पोचत नाही, आणि ती जागा पक्षाचा ठराव दाखवत नाही.

तुमच्यासारखंच मत 2017 मध्ये खुद्द अल्बानियात मांडलं गेलं. कम्युनिस्ट काळातल्या गुन्ह्यांचा अभ्यास करणाऱ्या सरकारी संस्थेने हे चित्रपट टीव्हीवर दाखवू नयेत असं सुचवलं आणि मोठा वाद पेटला. ज्यांच्या घरातली माणसं स्पाचच्या तांब्याच्या खाणीत कैदी म्हणून राबली, त्यांनी टीव्ही बंद केला तर मी त्यांना शब्दानेही अडवणार नाही. माझी हरकत आहे ती सगळ्यांसाठीच बंद करण्याला. लाइनमनचं मरण आणि फातोसची डायरी शेजारी ठेवून पाहिलं, तरच तो काळ थोडा कळतो.

लुबोन्या पितापुत्रांवरचा परिच्छेद मूळ लेखात आजच घालतोय, बर्फाबद्दलच्या भागाच्या आधी. बर्फाचा भाग तसाच ठेवतोय.