पत्त्यात जेलरोड चालतो

गेल्या पंधरा दिवसांत एकच मेसेज मला चार ग्रुपांवर आला. सोसायटीच्या, भिशीच्या, माहेरच्या आणि शाळेतल्या मैत्रिणींच्या. वर ‘सावधान नाशिककर’, खाली गावित बहिणींचा जुना फोटो आणि मग सात-आठ वाक्यं. सार असं: जेलमध्ये जाऊन आलेली बाई कधी सुधारत नसते. निर्दोष असती तर आत गेलीच नसती. आत ती आपल्या टॅक्सवर बसून खाते, वर फुकटात शिवणकाम शिकते. सुटल्यावर सरकार तिला पैसे देतं. तिची पोरं तिच्यापासून लांब असलेलीच बरी. तेव्हा घरकामाला, भाड्याने, कारखान्यात, कुठेही घेऊ नका. शेवटी नेहमीचं, ‘दहा जणांना पाठवा’.

माझा नाशिकला, जेलरोडला फराळाचा छोटा कारखाना आहे. कारखाना म्हणजे काय, दोन गाळे, तीन शेगड्या आणि सात बायका. चिवडा, शेव, दिवाळीत सगळंच. सातांपैकी एक आत जाऊन आलेली आहे. हे लिहायच्या आधी तिला विचारलं. म्हणाली, “लिहा ताई, पण नाव नको. पोराची शाळा आहे.”

आधी तो फोटो. गावित मायलेकींनी लहान मुलांना पळवून त्यांचे खून केले, ते आठवलं तरी आजही पोटात कालवतं, त्यावर मला वाद घालायचा नाही. पण त्या दोघी बहिणींना फाशीची शिक्षा झाली होती. दयेच्या अर्जाला लागलेल्या उशिरापायी मुंबई उच्च न्यायालयाने २०२२ च्या जानेवारीत ती जन्मठेपेवर आणली. तुमच्या बिल्डिंगमध्ये पोळ्यांचं काम मागायला येणाऱ्या बाईचा त्या फोटोशी काय संबंध? उद्या हर्षद मेहताचा फोटो लावून ‘बँकेतल्या कारकुनापासून सावध राहा’ असा मेसेज फिरवला तर चालेल का?

आता ‘निर्दोष असती तर आत गेलीच नसती’. सगळ्यात जास्त लोकांना पटलेलं वाक्य हेच आहे आणि सगळ्यात चुकीचंही हेच. ३१ डिसेंबर २०२२ ला देशातल्या तुरुंगांत ५,७३,२२० माणसं होती. त्यातली ४,३४,३०२ कच्चे कैदी, म्हणजे ज्यांच्या खटल्याचा निकालच लागलेला नाही अशी. हे सरकारी आकडे आहेत, राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाचे. चारातले तीन जण गुन्हेगार आहेत की नाहीत हे अजून कोर्टालाच ठरवायचंय, आपण मात्र ग्रुपवर ठरवून मोकळे.

आमच्याकडच्या बाईचंच सांगते. धाकटी जाऊ भाजून गेली. फिर्यादीत घरातल्या सगळ्यांची नावं पडली, सासू, दीर, नवरा आणि ही. अकरा महिन्यांनी हिला जामीन मंजूर झाला, पंधरा हजारांचा. त्यानंतर ती आणखी चार महिने आतच होती. का? जामीनदार मिळेना. जामीनदाराकडे सातबारा हवा, नाहीतर घरपट्टीची पावती, नाहीतर पगाराची स्लिप, शिवाय ऐपतीचा दाखला. माहेर इगतपुरीकडचं, भाऊ वीटभट्टीवर. सासरचे सगळे स्वतःच आत किंवा तोंड फिरवलेले. सीबीएस बसस्टँडजवळच्या कोर्टाबाहेर पैसे घेऊन जामीन राहणारे मिळतात असं भावाला कुणी तरी सांगितलं, त्यात त्याचे चार हजार गेले आणि माणूसही गेला. पुढे विधी सेवा प्राधिकरणाच्या वकीलबाईंनी अर्ज करून अट सैल करून घेतली तेव्हा ती सुटली. खटला चालूच राहिला. दर तारखेला एक रोज बुडायचा. मागच्या वर्षी निकाल लागला: निर्दोष मुक्तता.

म्हणजे ती निर्दोष होती आणि आतही गेली होती. मेसेज लिहिणाऱ्याने या दोन गोष्टी एका बाईत मावतात का ते बघायला हवं होतं.

यात कायदा आंधळा आहे असंही नाही. बाई आरोपी असेल तर गंभीर गुन्ह्यातही कोर्ट जामिनाचा वेगळा विचार करू शकतं. बाईला आणि कोठडीतल्या कुणालाही, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळायचा हक्क १९८७ च्या कायद्याने दिलाय. जामीन मंजूर होऊन सात दिवसांत कैदी सुटला नाही तर तुरुंगाच्या अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवायचं, आणि महिनाभरात जामीनदार मिळाला नाही तर अट बदलता येईल का ते कोर्टाने आपणहून बघावं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२३ च्या जानेवारीत सांगून ठेवलंय. नव्या फौजदारी संहितेत तर आधी कधी गुन्हा सिद्ध न झालेल्या कच्च्या कैद्याने कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ आत काढला की त्याला सोडायची तरतूद आहे (फाशी-जन्मठेपेचे गुन्हे सोडून). हे सगळं आतल्या बाईला कोणी तरी सांगावं लागतं, एवढंच. तिच्या बराकीत हे ज्ञान कोण कोणाला देतं? तर आधी आलेली नंतर आलेलीला.

‘टॅक्सवर बसून खाते’. सक्तमजुरीची शिक्षा झालेले कैदी काम करतात, त्याचा रोज मिळतो, आणि तो बाहेरच्या शेतमजुराच्या रोजापेक्षा कितीतरी कमी असतो. कच्च्या कैद्याला कामाला जुंपताच येत नाही, ती शिक्षाच नसते त्याला. तेव्हा ‘बसून’ हा शब्द बरोबर आहे, पण तिला तिथे बसवलं कोणी? पंधरा हजारांच्या जामिनासाठी चार महिने एका बाईचं जेवण, पहारा, कोर्टाच्या फेऱ्यांची गाडी असा खर्च सरकारने केला. टॅक्सची एवढी काळजी असेल तर तक्रार तिथे करा. केंद्राने २०२३ मध्ये गरीब कैद्यांसाठी योजना काढली, त्यात तेव्हा कच्च्या कैद्याच्या जामिनासाठी चाळीस हजारांपर्यंत आणि शिक्षा झालेल्याच्या दंडासाठी पंचवीस हजारांपर्यंत मदत ठरवली होती. हा मेसेज त्या योजनेबद्दल असता तर मी खरंच दहा जणांना पाठवला असता.

शिवणकामाचं थोडक्यात. देशभरातल्या कैद्यांत बायका शंभरात चार. त्यामुळे तुरुंगातले कारखाने, सुतारकाम, यंत्रं, सगळं पुरुषांच्या हिशेबाने आखलेलं. बायकांच्या वाट्याला बहुतेक वेळा शिवण-टिपण. आणि गंमत बघा, नाशिकरोडच्या मध्यवर्ती कारागृहातल्या कैद्यांनी केलेले गणपती घ्यायला आपण दरवर्षी जातो. आमच्या सोसायटीत निदान तीन घरी तो गणपती बसतो. पत्त्यात आपण सगळे ‘जेलरोड, नाशिकरोड’ लिहितो, लग्नाच्या पत्रिकेतसुद्धा, कुणाला लाज वाटत नाही. कैद्याच्या हातची मूर्ती चौरंगावर चालते, पत्त्यात जेल चालतो, फक्त तिथून सुटलेलं माणूस चालत नाही.

‘सुटल्यावर सरकार पैसे देतं.’ कोणाला? निर्दोष सुटलेल्या माणसाला गेलेल्या महिन्यांची भरपाई हक्काने मिळेल असा कायदा आपल्याकडे नाही. विधी आयोगाने २०१८ मध्ये, २७७ व्या अहवालात, तसा कायदा करा म्हणून सांगितलं होतं. येरवड्याच्या कैद्यांसाठी राज्य सहकारी बँकेने २०२२ मध्ये ‘जिव्हाळा’ नावाची योजना सुरू केली, पन्नास हजारांपर्यंत, सात टक्के व्याजाने. ते कर्ज आहे हो, बक्षीस नाही. आमच्या बाईला सुटताना मिळालं ते तिचं जमा केलेलं मंगळसूत्र (एक मणी कमी, पण ते जाऊ दे) आणि कपड्यांची पिशवी.

पोरांबद्दल जे लिहिलंय त्याने मात्र माझं डोकं फिरलं. आईबरोबर तुरुंगात मूल सहा वर्षांचं होईपर्यंत राहू शकतं, २००६ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालात त्याचे नियमच घालून दिलेत. २०२२ अखेर देशात १,५३७ बायका आपल्या १,७६४ मुलांसह आत होत्या. मूल मोठं असेल तर ते नातेवाइकांकडे, नाहीतर बालगृहात. हिचा मुलगा सात वर्षांचा होता, तो नणंदेकडे गेला. पंधरा महिन्यांत दोनदा मुलाखतीला आणला. सुटून ही त्याला आणायला गेली तर तो दारातून आत ओरडला, “आत्या, कोणी तरी काकू आल्यात.” हे तिने मला पोहे भाजता भाजता सांगितलं, हात न थांबवता. पोहे करपले नाहीत.

नणंद वाईट नव्हती. ती एवढंच म्हणाली, आधी खोली घे, मग ने. आणि खोली मिळायला पाच महिने गेले. घरमालक आधार कार्ड बघायचे, भाडं ठरायचं, मग गल्लीतलं कोणी तरी काही तरी सांगायचं आणि दुसऱ्या दिवशी ‘आमचा पुतण्या येतोय राहायला’. एका घरमालकाने तर पोलिसांकडे भाडेकरूची माहिती द्यावी लागते, म्हणून नाही देत, असं मला तोंडावर सांगितलं. माहिती द्यायची असते, दादा. आत जाऊन आलेल्याला खोली देऊ नये असं त्या फॉर्मवर कुठे लिहिलंय? मेसेजमध्ये म्हटलंय की अशा बाईपासून पोर लांब ठेवा. पोर लांब राहिलं ते तिच्या वागण्यामुळे नाही, खोलीमुळे.

राहिलं ‘कधी सुधारत नसते’. निर्दोष सुटलेलीने काय सुधारायचं ते मला कळत नाही, पण समजा गुन्हा केलेला आहे, शिक्षा झालेली आहे. अशीही एक बाई माझ्याकडे दोन वर्षांपूर्वी होती. चोरीची केस, शिक्षा पुरी करून आलेली. मी हुरळून सांगत नाही, ती टिकली नाही. सहाव्या महिन्यात गल्ल्यातून बाराशे रुपये गेले, तिने कबूल केलं आणि दुसऱ्या दिवसापासून आली नाही. मला राग आला होता, अजूनही थोडा आहे. पण त्या बाराशेत मला हेही धरावं लागतं की खोलीभाड्याची उचल तिने आठवडाभर आधी मागितली होती आणि मी ‘बघू’ म्हणाले होते. आणि याच गाळ्यात, कधी पोलीस स्टेशनची पायरी न चढलेल्या एका कामगाराने मला याहून मोठा चुना लावलाय. त्याच्यावरून मी कुठला मेसेज फिरवला नाही.

किरकोळ आणि पहिल्या गुन्ह्यात माणसाला तुरुंगात न घालता परिविक्षेवर, म्हणजे चांगल्या वागणुकीच्या हमीवर, सोडायची सोय १९५८ पासून आहे, आणि तसं सोडलेल्याला त्या शिक्षेमुळे कुठली अपात्रता चिकटू नये हेही त्याच कायद्यात आहे. साठ वर्षांहून जुना कायदा ग्रुपवरच्या मेसेजपेक्षा मोठ्या मनाचा निघाला.

आमच्याकडच्या बाईच्या दोन सवयी अजून गेल्या नाहीत. संध्याकाळी पाच वाजले की तिला कडकडून भूक लागते, आत जेवण लवकर आणि मग टाळा. आणि शटर ओढायच्या आधी ती आम्हाला मोजते. मोठ्याने नाही, ओठ हलतात. पहिल्यांदा मी विचारलं तेव्हा ओशाळली. “गिनती हो, ताई. चुकली तर पुन्हा पहिल्यापासून उभं राहावं लागायचं.” आता बाकीच्या बायकाच तिला विचारतात, “झालो का गं सगळ्या?”

मुलगा आता तिच्याजवळ आहे, पाचवीत. तिचा खोलीचा अकरा महिन्यांचा करार फेब्रुवारीत संपतोय आणि मालकाने वाढवणार नाही म्हणून सांगितलंय, कारण हाच मेसेज त्यांच्याही ग्रुपवर गेला. तेव्हा जेलरोड, दसक, बिटको या बाजूला कोणाकडे एक खोली असेल तर कळवा. नळ आत असला तर बरं. भाडं साडेतीन हजारांपर्यंत, अनामत मी भरते.