मिशनच्या शाळा आणि ‘गळाचं गांडूळ’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. नगरच्या मिशन शाळांवरच्या माझ्या लेखाखालची तुमची प्रतिक्रिया वाचली. उत्तर देत बसू नकोस, असं घरच्यांचं म्हणणं पडलं. पण गप्प बसले तर मला काही सुचलं नाही असा अर्थ निघेल, म्हणून लिहिते.

आधी सुराबद्दल. ‘बाई, आधी चार पुस्तकं वाचा, मग लेख पाडा.’ ‘बाई’ चालेल, निवृत्त होईपर्यंत वर्गात मी बाईच होते. पण ‘पाडा’? समोरासमोर बसलो असतो तर हेच क्रियापद तोंडातून निघालं असतं का? मतभेद असू द्या, ते असायलाच हवेत. पण ज्या लेखासाठी मी जुने अंक धुंडाळून डोळे फोडून घेतले, त्याला दोन मिनिटांत ‘चर्चची जाहिरात’ म्हणून मोकळं व्हायचं, ही कुठली चिकित्सा?

आता तुमचं मुख्य वाक्य, जसंच्या तसं: ‘मिशनऱ्यांना शिक्षणाशी काडीचं देणंघेणं नव्हतं, शाळा म्हणजे गळाला लावलेलं गांडूळ.’ बाकीची प्रतिक्रिया याच वाक्यावर उभी आहे, म्हणून बोलायचं ते यावरच बोलते.

एक मान्य करते. ‘निःस्वार्थ’ हे विशेषण लेखात जरा गोड झालंय. धर्मप्रसार हा त्यांचा हेतू होताच, आणि तो त्यांनी कधी लपवलाही नाही. झालं समाधान?

पण शिक्षणाशी देणंघेणं नव्हतं? प्रॉटेस्टंट पंथाची सगळी भिस्तच मुळी या गोष्टीवर की, ज्याने त्याने बायबल स्वतः, आपल्या भाषेत वाचावं. मधल्या पुरोहिताला बाजूला सारलं की माणसाला अक्षर यावंच लागतं. म्हणून या पंथाचा प्रवर्तक मार्टिन लूथर याने 1524 साली जर्मन शहरांच्या कारभाऱ्यांना पत्र लिहून शाळा काढा म्हणून बजावलं आणि 1529 मध्ये धर्माचे धडे प्रश्न-उत्तरांतून शिकवणारी लहान प्रश्नोत्तरी लिहिली. स्कॉटलंडमध्ये 1696 च्या कायद्याने पॅरिशगणिक, म्हणजे चर्चच्या प्रत्येक हद्दीत, शाळा सक्तीची झाली. अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्समध्ये तर 1647 मध्येच कायदा होता: गावात 50 घरं झाली की लिहायला-वाचायला शिकवणारा मास्तर नेमायचा. कारण काय दिलंय? सैतान लोकांना धर्मग्रंथापासून दूर ठेवू पाहतो, त्याचा डाव हाणून पाडायचा. हे सगळं स्वतःच्या, आधीच ख्रिस्ती असलेल्या पोरांसाठी बरं का. तिथे कुणाला बाटवायचं होतं? त्याच मॅसॅच्युसेट्सच्या अमेरिकन बोर्ड या मिशनरी संस्थेने धाडलेले हॉल आणि नॉट 1813 मध्ये मुंबईला पोचले. 1824 मध्ये मुंबईत मुलींची शाळा निघाली. बोर्डाच्या मिशनरी शिक्षिका सिंथिया फॅरर 1827 मध्ये आल्या, 1839 मध्ये नगरला गेल्या आणि 1862 मध्ये तिथेच वारल्या. जी सवय घरी होती तीच त्यांनी इथे आणली. धर्म आणि अक्षर त्यांच्या लेखी वेगळे नव्हतेच, मग एकाने दुसऱ्याला गळ कसा घातला?

आणि गळ म्हणायचाच असेल तर तो धरला कुणी होता तेही बघा. मुंबईतल्या सुरुवातीच्या मिशन शाळांत शिकवायला नेमलेले पंतोजी बरेचदा ब्राह्मण असत. नित्याचं स्नानसंध्या उरकून ते शाळेत येत आणि मिशनच्या छापखान्यातून आलेल्या पुस्तकातल्या दहा आज्ञा मुलांकडून घोकून घेत. पहिली आज्ञा त्यांच्याच देवघराविरुद्ध होती. पगार घेत, घरी जात. मुलंही तशीच. मोडी आणि हिशेब उचलायचे, बाकी घोकून विसरायचं.

आता घरचं सांगते. ‘वैयक्तिक अनुभव म्हणजे इतिहास नव्हे’ हे तुम्ही लिहिणार, ठाऊक आहे. तरी सांगते. माझी आजी राहुरीकडची. गावात दुसरी शाळा नव्हती, म्हणून तिच्या वडिलांनी तिला मिशनच्या एकखणी शाळेत घातलं. महारवाड्यातली पोरं तिथे यायची, त्यामुळे घरी परतल्यावर अंघोळ केल्याशिवाय तिला चुलीपाशी येऊ देत नसत. तरी पाठवत होते, हे विसरू नका. तिने तिथे प्रभूची प्रार्थना पाठ केली आणि जन्मभर चातुर्मासात पांडवप्रताप वाचला. ओवी संपली की बोट उचलून पुढच्या ओळीवर ठेवायची. प्रश्नोत्तरीची चाल मात्र जिभेवर बसली ती बसलीच. रेशन दुकानावरची पाटीसुद्धा आधी प्रश्नाच्या आणि मग उत्तराच्या सुरात वाचायची. खंडोबा सुटला नाही, वाचन सुटलं नाही. हिला कुठला गळ लागला ते सांगाल?

तुम्ही म्हणाल, एक आजी. बरं, जोतीराव घ्या. पुण्यात स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले, नगरला फॅरर बाईंच्या मुलींच्या शाळा पाहून आले, 1848 मध्ये भिडेवाड्यात शाळा काढली, ख्रिस्ती झाले नाहीत. त्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवेचा मांग-महारांच्या दुःखावरचा निबंध 1855 मध्ये छापला कुणी? ‘ज्ञानोदय’ने, म्हणजे मिशनच्याच पत्राने. शिष्यांनी काय घ्यायचं ते ठरवलं आणि घेतलं. तुमच्या वाक्यात ही सगळी माणसं मासे आहेत. मला खरा राग त्याचा आहे, तुमच्या ‘पाडा’चा नव्हे (त्याचाही आहे).

अमेरिकन बोर्डाचे सचिव रूफस अँडरसन 1854-55 मध्ये इथे येऊन गेले आणि इंग्रजी शाळांना कात्री लावून देशी भाषेवर भर द्या म्हणाले, हे तुम्ही मोठ्या विजयाने लिहिलंय. का म्हणाले? इंग्रजी शिकलेली मुलं सरकारी नोकरीला जात, चर्चमध्ये येत नसत. म्हणजे तुमचं गांडूळ मुलं खाऊन जात होती! हा पुरावा तुमच्या बाजूचा की माझ्या?

मिशन शाळेत शिकणाऱ्या शेषाद्री बंधूंचं 1843 चं प्रकरण मला माहीत आहे. नारायण ख्रिस्ती झाले, धाकट्या श्रीपतला कोर्टाने वडिलांच्या ताब्यात दिलं आणि त्याला परत जातीत घ्यावं म्हणून बाळशास्त्री जांभेकर उभे राहिले. त्यावर मुंबईत केवढं वादळ उठलं तेही माहीत आहे. माझा लेख नगरवर होता, मुंबईवर नव्हता. 1854 च्या वुडच्या खलित्यानंतर (ब्रिटिशांचं शिक्षणधोरण ठरवणारं पत्र) मिशन शाळांना मिळालेलं सरकारी अनुदान, मिशनरी पत्रांतली हिंदू देवांची टिंगल, वर्गातली जात हे प्रश्न मोठे आहेत आणि एका प्रतिक्रियेच्या शेवटी ‘यावर का नाही बोलत?’ असं फेकून सुटत नाहीत. त्यावर सवडीने लिहीन.

तोवर पुन्हा काही लिहायचं झालं तर खऱ्या नावाने लिहा. मीही माझ्याच नावाने लिहिते. आणि ‘चार पुस्तकं’ कोणती तेही कळवा, माझ्याकडे नसतील तर मागवून घेईन.