लिंक्स वाचला तो सशामुळे

स्पेनमधल्या लिंक्सबद्दलचा एक मजकूर बरेच दिवस फिरतोय. आशय असा: "आयबेरियन लिंक्स हे जगातलं सर्वांत दुर्मीळ रानमांजर. 20 वर्षांपूर्वी शंभरही उरलं नव्हतं. स्पेनने ते पिंजऱ्यात वाढवलं, पिल्लं जंगलात सोडली आणि आज ते धोक्याबाहेर आहे. आपणही माळढोकाची अंडी उबवू, पिल्लं सोडू, की झालं." शंभरही उरलं नव्हतं, हे खरं आहे. पुढचं बरंचसं खरं नाही, आणि शेवटचा सल्ला माळढोकाच्या जिवावर बेतणारा आहे, म्हणून हे लिहायला बसलो.

आधी फोटो. मजकुरासोबत बर्फात उभा असलेला, रुंद पंजांचा लिंक्स दिसतो. तो युरेशियन लिंक्स, म्हणजे वेगळीच प्रजात. आपल्या लडाखमध्ये आहे तो हाच. आयबेरियन लिंक्स वजनाला त्याच्या साधारण निम्मा. अंगावर ठसठशीत काळे ठिपके, गालांवरून दाढीसारखे लोंबणारे झुपके. राहतो स्पेन-पोर्तुगालच्या कोरड्या, झुडपांनी भरलेल्या उतारांवर. दोघांचं पोटही वेगळं. युरेशियन लिंक्स हरणं मारून जगतो, आयबेरियन जवळजवळ सर्वस्वी सशावर. ही एक गोष्ट समजली की बाकीची कथा उलगडते.

प्रौढ लिंक्सला दिवसाला साधारण एक ससा लागतो, पिल्लंवाल्या मादीला तीनेक. 1952 मध्ये फ्रान्समधल्या एका डॉक्टरने स्वतःच्या जमिनीवरचे ससे हटवायला मिक्सोमॅटोसिसचा विषाणू सोडला. तो जमिनीच्या कुंपणात थांबला नाही. पुढच्या काही वर्षांत युरोपभर ससे मेले, स्पेनमध्येही. 1980 च्या दशकाच्या अखेरीस रक्तस्रावी रोगाची दुसरी साथ आली. ससा गेला तशी त्याच्यामागे लिंक्सची पिल्लंही गेली. फासे, शिकार, मोडलेलं रान हे सगळं होतंच, पण ताटच रिकामं झालं होतं. 2002 च्या सुमारास पिल्लं होत असलेल्या जागा दोनच राहिल्या: दक्षिण स्पेनमधला सिएरा मोरेनाचा डोंगरपट्टा आणि दोन्यानाचं राष्ट्रीय उद्यान.

आता पिंजऱ्याचं काम. ते कमी लेखायचं नाही. दोन्यानातल्या केंद्रात 2005 च्या मार्चमध्ये सालिएगा नावाच्या मादीला बंदिवासातली पहिली तीन पिल्लं झाली, आणि काही आठवड्यांतच भावंडांच्या मारामारीत एक दगावलं. लोक तेव्हापासून शिकत गेले. मादी गाभण आहे का हे पाहायला तिला पकडून सुई टोचायची नाही, म्हणून तिच्या बुचाच्या सालीच्या बिछान्यात रक्त पिणारा मोठा ढेकूण लपवायचे आणि त्याने प्यायलेलं रक्त तपासायचे. इतकी काळजी घेणाऱ्या माणसांबद्दल मला मनापासून आदर आहे.

पण तारखा पाहा. 2002 ते 2012 या काळात रानातल्या प्रौढ लिंक्सची संख्या तिप्पट झाली, आणि बंदिवासात जन्मलेले लिंक्स सोडायला सुरुवात झाली ती या काळाच्या शेवटी शेवटी. मग ही वाढ आली कुठून? सिएरा मोरेनातली बरीचशी जमीन खाजगी, शिकारीच्या मालमत्तांची. मालकांशी करार झाले: ससा मारायचा नाही, फासे लावायचे नाहीत. जिथे ससे कमी तिथे कुंपण घालून ससे सोडले. दगड, फांद्या आणि मातीचे ढीग रचून सशांसाठी बिळं केली. तिकडे या ढिगाला 'माहानो' म्हणतात. फोटोत पाहिलं तर शेतातला राडारोडा वाटावा असं ते दिसतं. लिंक्स परत आला तो या ढिगांवरून.

"लिंक्स वाढले की ससे संपतील" ही भीतीही याच मजकुराखाली कोणीतरी मांडतंच. दोन्यानात अभ्यासातून उलट दिसलं: लिंक्स आहे तिथे ससे जास्त. तो आपल्या हद्दीत कोल्हे आणि मुंगूस टिकू देत नाही, आणि सशांचा फडशा पाडतात ते तेच.

धोक्याबाहेर? नाही. जून 2024 मध्ये आययूसीएनने, म्हणजे कोणती प्रजात किती धोक्यात आहे याची यादी ठेवणाऱ्या जागतिक संस्थेने, त्याला 'संकटग्रस्त'वरून 'असुरक्षित' वर्गात आणलं, आणि 'असुरक्षित' हा धोक्याच्या यादीतलाच वर्ग. 2001 मध्ये 62 प्रौढ होते, 2022 मध्ये 648. कमाल आहेच. पण किमान 750 प्रजननक्षम माद्या हव्यात असं उद्दिष्ट आहे, आणि ते अजून गाठायचं आहे. जनुकीय विविधता फारच तोकडी, त्यामुळे एखादी साथ महागात पडते. 2007 मध्ये दोन्यानात मांजरांना विषाणूमुळे होणाऱ्या ल्युकेमियाच्या साथीत हे दिसलं. आणि रस्ते. 2023 या एका वर्षात शंभराहून जास्त लिंक्स गाड्यांखाली मेले. केंतारो नावाचा नर 2014 मध्ये तोलेदोजवळच्या डोंगरात सोडला होता. तो भटकत पोर्तुगालपर्यंत गेला, आणि 2016 मध्ये पोर्तो शहराजवळच्या महामार्गावर गाडीखाली मेला.

म्हणूनच माळढोकाचा सल्ला खटकतो. जैसलमेरजवळचं प्रजनन केंद्र हवंच, तिथल्या पिल्लांचा मलाही आनंद आहे. पण माळढोक जड पक्षी, समोरचं त्याला नीट दिसत नाही, आणि उडताना तो विजेच्या तारांवर आपटून मरतो. लिंक्सला जसे रस्ते, तशा त्याला तारा. सोलापूरजवळच्या नान्नजला माळढोकासाठीच 1979 मध्ये अभयारण्य झालं, आज तिथे तो दिसणं जवळपास थांबलंय. स्पेनमध्ये लिंक्स सोडायची जागा ठरवताना आधी तिथले ससे मोजतात, मगच पिंजरा उघडतात. आपल्याला माळावरच्या तारा मोजाव्या लागतील.