उपासाचं कॅसरोल

आपल्याकडे रताळ्याला वर्षातून दोन-तीनदाच बोलावणं येतं. आषाढी, कार्तिकी, फार तर महाशिवरात्र. एरवी ते भाजीवाल्याच्या टोपलीत तळाशी पडून असतं आणि कुणाची काही तक्रार नसते, रताळ्याचीही नसावी. अमेरिकेत मात्र नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी, थँक्सगिव्हिंगच्या सणाला, त्याला भाजलेल्या टर्की पक्ष्याच्या शेजारी मानाचं पान मिळतं. रताळी उकडायची किंवा भाजायची, लोणी, ब्राउन शुगर, दूध, अंडी आणि दालचिनी घालून घोटायची, काचेच्या चौकोनी भांड्यात थापायची, वर मार्शमेलोची, म्हणजे मऊ, फुगीर, गोड गोळ्यांची, पांढरी गादी घालायची आणि ओव्हनमध्ये ढकलायचं. झालं स्वीट पोटॅटो कॅसरोल. एवढं करून ते गोडाचं म्हणून खात नाहीत. जेवणातच, टर्कीला लावून खातात. गोड वेगळं, ते नंतर.

आम्ही राहतो नॉर्थ कॅरोलायनात. अमेरिकेत सगळ्यात जास्त रताळी इथेच पिकतात, आणि १९९५ साली या लोकांनी रताळ्याला राज्याची अधिकृत भाजी करून टाकलं. आमच्या समोरच्या बाई जॉन्स्टन काउंटीतल्या शेतकऱ्याची लेक, म्हणजे रताळ्याचं माहेरच. २०२३ साली त्यांनी आम्हाला थँक्सगिव्हिंगच्या जेवणाला बोलावलं. मी रीत म्हणून विचारलं, "काय आणू?" या प्रश्नाला आपल्याकडे उत्तर ठरलेलं आहे : "काही नको हो, तुम्ही या फक्त." बाई म्हणाल्या, "स्वीट पोटॅटो कॅसरोल आण." आणि दुसऱ्या दिवशी भावाच्या शेतातल्या रताळ्यांची पिशवीच दारात आणून ठेवली, म्हणजे पळवाट नको.

बायकोला सांगितलं. ती म्हणाली, "तुला सांगितलंय ना? मग तूच कर," आणि लॅपटॉपमध्ये डोकं घातलं.

इथवर ठीक होतं. पण आई तेव्हा आमच्याकडे सहा महिन्यांसाठी आलेली होती, आणि साताऱ्याहून येताना बॅगेत मेतकूट, गोडा मसाला आणि कालनिर्णय घेऊन आली होती. तिने २३ नोव्हेंबरवर बोट ठेवलं. कार्तिकी एकादशी.

मी ताबडतोब फोनवरचं पंचांग काढलं. भारतातली तिथी इथल्या घड्याळात बसवली की एकादशी सकाळी साडेदहाच्या सुमारास संपत होती आणि जेवण होतं दुपारी. मी हे मोठ्या आनंदाने सांगितलं. आई म्हणाली, "सूर्योदयाला एकादशीच आहे ना? मग दिवसभर एकादशी. तुझा फोन काय म्हणतो ते तुझ्या फोनपाशी राहू दे." आदल्या दिवशी, बुधवारी दुपारी, तिने पंढरपूरची पहाटेची महापूजा मोबाइलवर पाहिली होती, त्यामुळे तिच्या हिशेबी एकादशी तिथे लागली होती आणि इथे यायला निघाली होती. तिच्याशी वाद घालण्यात अर्थ नव्हता.

मग माझ्या डोक्यात एक थोर कल्पना आली. रताळं उपासाला चालतं. कॅसरोल रताळ्याचं. म्हणजे उपासाचं कॅसरोल करू, एका भांड्यात दोन्ही धर्म सांभाळले जातील. मी पाककृती मोठ्याने वाचायला लागलो आणि आई सोफ्यावर बसून निवाडे देऊ लागली. रताळी, लोणी, दूध यांना ताबडतोब मंजुरी मिळाली. ब्राउन शुगर हातात घेऊन चिमटीत चुरडली आणि म्हणाली, "गुळाची गरीब बहीण आहे, चालेल." अंड्यांवर ती बोललीच नाही, फक्त चष्मा काढला. व्हॅनिलाच्या बाटलीवर बारीक अक्षरात ३५ टक्के अल्कोहोल लिहिलेलं होतं. ती बाटली मी स्वतःहून कपाटात ठेवली. मीठ सैंधव. दालचिनीवर "आमच्याकडे नाही घालत" असा शेरा पडला, म्हणजे पुढच्या पिढीने हवं ते करावं.

मार्शमेलोच्या पाकिटावर जिलेटिन होतं. इथे ते बहुधा डुकराचं असतं. शहरातल्या एका अरबी किराणा दुकानात गेलो तर तिथल्या दादाने मला अगदी समजूतदारपणे वेगळं पाकीट काढून दिलं : डुकराचा संबंध नाही, शंभर टक्के गाईचं. ही माहिती मी आईपर्यंत पोचू दिली नाही. शेवटी आणखी दोन दुकानं पालथी घालून जिलेटिन नसलेलं, शाकाहारी पाकीट मिळालं. विजयी मुद्रेने घरी आलो. आईने मागची यादी माझ्याकडून वाचून घेतली. "कॉर्न सिरप म्हणजे मक्याचं ना? मका धान्य आहे." खटला खारीज.

मग मार्शमेलोऐवजी वर पेकन घालायचं ठरवलं. अर्ध्या अमेरिकेत पेकन, लोणी आणि साखरेचा चुरा घालतातच. पेकन दिसतो अक्रोडाच्या मामेभावासारखा. पण तो उपासाला चालतो का, हे आईला सांगता येईना. प्रकरण फोनवरून पुण्याच्या मावशीकडे गेलं, मावशीने ते तिच्या भिशीच्या ग्रुपवर टाकलं, आणि रात्रभर (त्यांच्या दिवसभर) निरोप येत राहिले. अक्रोड चालतो म्हणजे पेकन चाललाच पाहिजे, असं एकीचं म्हणणं. दुसरीचं, आपल्याकडे पिकत नाही ते उपासाला नको.

इथे मला राहवलं नाही. मी आईला म्हटलं, रताळं मूळचं अमेरिका खंडातलं. बटाटा तिकडचाच. शेंगदाणा तिकडचा. मिरची तिकडची. साबुदाणा ज्या कंदापासून करतात तो कंदसुद्धा दक्षिण अमेरिकेतला. सगळं पोर्तुगीजांच्या काळात आपल्याकडे आलं. खिचडीतलं जिरं सोडलं तर आपला अख्खा उपास बोटीतून उतरलेला आहे. आईने शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "हो ना? मग पेकन चालत असता तर त्यांनी तेव्हाच नसता का आणला?"

शेवटी दोन स्वयंपाक झाले. मी माझं कॅसरोल केलं, अंडी-व्हॅनिलासकट पक्कं अमेरिकन. आईने गॅसवर कढई चढवली. तिची पद्धत मी लहानपणापासून बघतोय, पण त्या दिवशी जरा लक्ष देऊन बघितलं. रताळ्याच्या बोटभर जाडीच्या चकत्या, साजूक तुपात, झाकण ठेवून. झाकणावर चमचाभर पाणी. चकत्या उलटायच्या त्या सुरीच्या टोकाने, कडा तांबूस झाल्यावरच, आणि गूळ अगदी शेवटी, कारण आधी घातला की रताळं दडदडीत राहतं. गूळ पातळ झाला की वेलची, चिमूटभर सैंधव, ओलं खोबरं. (खोबरं फ्रीझरमधलं. त्याबद्दल ती जे बोलली ते इथे देत नाही.) इथली रताळी आतून भगवी आणि मऊ. आपल्याकडच्या पांढऱ्या पिठूळ रताळ्यांइतका दम त्यांना नाही, त्यामुळे पहिल्या घाण्याचा शिरा झाला. तो आम्ही उभ्या उभ्या खाल्ला. म्हणजे मी खाल्ला. ती देवाला दाखवल्याशिवाय खात नाही.

गुरुवारी समोर गेलो तर खरी परीक्षा तिथे होती. मार्शमेलो आधी भाजून नेता येत नाही, गार झाला की बसतो. म्हणून तो तिथेच भाजायचा. पण ओव्हनमध्ये सकाळपासून टर्की ठाण मांडून, आणि ओट्यावर प्रत्येकाने आणलेली भांडी पाणी यायच्या वेळी नळावर लावलेल्या घागरींसारखी रांगेत. माझा नंबर श्रावणघेवड्याच्या कॅसरोलनंतर आणि मॅकरोनीच्या आधी. कुणी पाणी प्यायला गेलं की मागचा आपलं भांडं दोन बोटं पुढे सरकवत होता. बाहेर टीव्हीवर डेट्रॉइट लायन्सचा अमेरिकन फुटबॉलचा सामना चालू होता. हा संघ १९३४ पासून थँक्सगिव्हिंगला खेळतो, आणि यजमान मूळचे डेट्रॉइटचे, त्यामुळे त्यांच्याकडून ओव्हनच्या बाबतीत न्यायाची अपेक्षा नव्हती. लायन्स २९-२२ असे हरले. त्यानंतर तर नाहीच.

रांगेत उभा राहून मी फोनवर वाचत होतो. रताळ्यावर मार्शमेलो घालायची ही आद्य परंपरा १९१७ सालची निघाली. शिकागोत अँजेलस नावाचे मार्शमेलो बनायचे. ते खपावेत म्हणून कंपनीने बॉस्टनच्या पाककलातज्ज्ञ जॅनेट मॅकेन्झी हिल यांच्याकडून पाककृतींची पुस्तिका लिहून घेतली, त्यातली ही एक. म्हणजे जाहिरात. मी मान वर केली तर समोर यजमानीणबाईंची बहीण आणि मुलगी यांची जुंपलेली. बहिणीच्या मते पेकनशिवाय कॅसरोल हा पोरकटपणा, मुलीच्या मते मार्शमेलो नसेल तर थँक्सगिव्हिंग कसलं, आजी तर कायम घालायची! मी फोन खिशात ठेवला. आमटीत गूळ घालावा की नाही यावरून घरं दुभंगलेल्या प्रदेशातून मी आलोय, अशा वेळी इतिहास सांगू नये हे मला कळतं. अर्ध्या भांड्यावर मार्शमेलो पसरला, अर्ध्यावर पेकन, आणि दोन्ही पक्षांनी मला मनातल्या मनात फितूर ठरवलं.

जेवायला बसलो. बाईंनी आईकडे पाहिलं. सणाचा दिवस आणि ही काहीच घेत नाही? मी सांगितलं, आज तिचा उपास आहे. सगळे एकदम गंभीर झाले. कुणीतरी आवाज खाली आणला. तेवढ्यात आईने पिशवीतून डबे काढायला सुरुवात केली. साबुदाण्याची खिचडी. दाण्याची आमटी, वऱ्याचे तांदूळ. काकडीची कोशिंबीर. राजगिऱ्याची वडी. आणि रताळ्याचे काप. टेबलावर जागा करायला क्रॅनबेरी सॉस हलवावा लागला. "हा उपास?" बाईंनी विचारलं. त्यांचा नातू म्हणाला, मलाही उद्यापासून उपास करायचाय.

काप फिरले. जॉन्स्टन काउंटीच्या लेकीने एक तोंडात घातला, डोळे मिटले, दुसरा घेतला, तिसरा घेतला आणि अधिकारवाणीने म्हणाली, "सुंदर. फक्त वर मार्शमेलो हवा होता."

आईने माझ्या कॅसरोलकडे लांबूनच पाहिलं आणि मराठीत म्हणाली, "एवढी चांगली रताळी. काय केलंस रे त्यांचं!"

पण सगळा घोळ झाला तो भांड्याचा. माझं काचेचं भांडं तिथेच राहिलं. दुसऱ्या दिवशी सकाळी आई द्वादशीचं पारणं करून उठते न उठते तोच बाई ते परत घेऊन आल्या, घासूनपुसून, आत 'पम्पकिन पाय'चे, भोपळ्याच्या त्या गोड पदार्थाचे, उरलेले तुकडे. पायमध्ये अंडं, म्हणजे ते माझ्या वाट्याला. पण बाई पायचा ट्रेही सोबत ठेवून गेल्या, आणि रिकामं भांडं परत करायचं नाही, हे आईचं कलम. तिने ट्रेमध्ये शंकरपाळी भरून पाठवली. शंकरपाळीचा डबा मफिन घेऊन परत आला. मग आमच्याकडून नारळाच्या वड्या, तिकडून सफरचंदाचा मुरंबा, संक्रांतीला तिळगूळ.

आईचे सहा महिने संपले, ती साताऱ्याला गेली. भांडी चालूच आहेत. परवा एक केळ्याचा ब्रेड घेऊन आलं. बायकोने ते धुऊन माझ्यासमोर ठेवलं आणि म्हणाली, "तूच सुरू केलंस ना हे?" मी साताऱ्याला फोन लावला. आई म्हणाली, "रताळी आहेत का घरात?"